बार्टचा चेहरा काढून पाहा

'द सिम्पसन्स' या अ‍ॅनिमेटेड मालिकेच्या १९९५ सालच्या एका भागात बार्ट या पोराला 'बोनस्टॉर्म' नावाचा हाणामारीचा व्हिडिओ गेम हवा असतो. आई घेऊन देत नाही, म्हणून तो दुकानातून चोरतो आणि पकडला जातो. पुढे बरंच रामायण होतं, शेवटी मायलेकांचा समेट होतो आणि आई त्याला नाताळची भेट म्हणून एक गेम आणून देते. कागद फाडून बघतो तर आत भलताच गेम: कुणा ली कार्वालोचा गोल्फ. हा गेम संथ आवाजात सूचना देतो आणि चुकीची काठी निवडली की सौम्यपणे दुसरी सुचवतो. चेंडू पार्किंगमध्ये जाऊन पडला की 'पुन्हा खेळणार का?' असं विचारतो आणि 'नाही' हे उत्तरही स्वतःच देऊन टाकतो.

पडद्यावर हा विनोद जेमतेम काही सेकंदांचा आहे. चाहत्यांनी मात्र तो गेम खरोखर खेळता येईल असा बनवला आणि मोफत वाटला. गंमत अशी, की त्यात बार्टची गरजच पडत नाही. त्याचा बाप होमर नाही, पिवळी कातडी नाही, डोनटही नाही. एक कंटाळवाणा, अतिसभ्य गेम आहे आणि तो तुम्हाला नीट खेळू देत नाही. हसू येतं ते त्या वागण्याचं.

अ‍ॅनिमेटेड मालिकांवर विडंबनपर गेम करायचं ज्यांच्या डोक्यात आहे, त्यांना माझं पहिलं सांगणं यातूनच निघतं. आपल्या कल्पनेतल्या पात्रांचे चेहरे काढून टाका, त्यांच्या जागी रंगीत चौकोन ठेवा आणि खेळून पाहा. तरीही हसू आलं तर हातात गेम आहे. नाही आलं तर हातात फक्त एक स्टिकर आहे, आणि तोही दुसऱ्याच्या मालकीचा.

विडंबन म्हणजे काय, हे मराठी वाचकाला वेगळं शिकवावं लागत नाही. अत्र्यांनी 'केशवकुमार' या नावाने १९२५ साली 'झेंडूची फुले' काढली. ती विडंबनं टिकली, कारण मूळ कवितांचं वृत्त आणि त्यातला लटका आव त्यांनी काटेकोर उचलला होता. चाल तीच ठेवायची आणि आत भलतंच काही भरायचं, हे ते तंत्र. गेममध्ये वृत्ताची जागा नियम घेतात. खेळाडू काय करू शकतो, काय करू शकत नाही आणि चुकला तर काय होतं, ही तुमची चाल. मालिकेचा स्वभाव या नियमांत उतरला पाहिजे.

आता मालिकांचे स्वभाव पाहू. 'सिम्पसन्स' १९८९ पासून चालू आहे आणि बार्ट अजून दहा वर्षांचाच आहे. भागात घर जळो, नोकरी जावो, पुढच्या भागात सगळं जागच्या जागी. हे एक वाक्य म्हणजे तयार नियम आहे: बावीस मिनिटांनी सगळं पुसलं जाणारा गेम. खेळाडूने कमावलेलं, बांधलेलं, सुधारलेलं सगळं जातं आणि कुटुंब पुन्हा सोफ्यावर येऊन बसतं. 'साउथ पार्क'च्या सुरुवातीच्या पर्वांत केनी जवळजवळ प्रत्येक भागात मरतो आणि पुढच्या भागात काहीच न झाल्यासारखा हजर होतो. व्हिडिओ गेममधल्या 'लाइफ'चं याहून उघडं विडंबन सापडणार नाही. फक्त आजूबाजूची पात्रं दर वेळी तेवढ्याच पोकळ दुःखाने हळहळली पाहिजेत. 'फॅमिली गाय' मध्येच गोष्ट तोडून असंबद्ध आठवणीत शिरते. तुमचा गेम ऐन मोक्याच्या उडीला थांबून खेळाडूला दहा सेकंदांचा भलताच गेम खेळायला लावेल आणि मग त्याच उडीत, हवेत, परत आणून सोडेल. 'किंग ऑफ द हिल'चा हँक हिल गॅसच्या टाक्या विकतो आणि हिरवळ कापताना त्याला समाधी लागते. त्याच्यावर गेम करायचा तर तो संथच हवा, आणि एक पातं वाकडं कापलं गेलं की खेळाडूला मनापासून शरम वाटली पाहिजे.

यांतली एकही कल्पना पात्राच्या चेहऱ्यावर उभी नाही.

गेम कुठल्या जातीचा हवा?

विनोदाची जात आणि गेमची जात जुळावी लागते, आणि नवखे बहुधा इथेच घसरतात. ज्याला उड्या मारायचा गेम बनवता येतो तो कुठल्याही मालिकेवर उड्यांचाच गेम करतो. होमर उड्या मारतो, 'फॅमिली गाय'चा पीटर ग्रिफिन उड्या मारतो, 'रिक अँड मॉर्टी'चा रिकही उड्याच मारतो.

याच्या उलट उदाहरण 'स्टीम्ड हॅम्स'चं. 'सिम्पसन्स'च्या १९९६ सालच्या 'ट्वेंटी-टू शॉर्ट फिल्म्स अबाउट स्प्रिंगफील्ड' या भागातला हा छोटा प्रसंग, लेखक बिल ओकली. मुख्याध्यापक स्किनर आपल्या वरिष्ठाला, चाल्मर्सना, जेवायला बोलावतो. भट्टीतलं मांस जळतं. तो खिडकीतून पळून समोरच्या दुकानातले बर्गर आणतो आणि घरचे म्हणून वाढतो. मग एक थाप निस्तरायला दुसरी, दुसरी निस्तरायला तिसरी, आणि शेवटी स्वयंपाकघराला लागलेली आग ही ध्रुवीय प्रकाशाची शोभा आहे असं तो ठासून सांगतो. वीस वर्षांनी या प्रसंगाच्या असंख्य आवृत्त्या इंटरनेटवर फिरल्या. त्यावर एक मोफत चाहता-गेमही झाला, 'स्टीम्ड हॅम्स: द ग्राफिक अ‍ॅडव्हेंचर'. तो जुन्या पद्धतीचा पॉइंट-अँड-क्लिक आहे: वस्तू उचला, दुसऱ्या वस्तूवर वापरा, समोरच्याशी बोलताना उत्तर निवडा. ही निवड मला अचूक वाटते. त्या जातीच्या गेममध्ये खेळाडू मुळातच हास्यास्पद युक्त्या लढवत असतो आणि स्किनरही त्या प्रसंगात नेमकं तेच करतो. चाल आणि आशय एकमेकांवर चपखल बसले.

तेव्हा आधी स्वतःला विचारा, या मालिकेतली माणसं दिवसभर करतात तरी काय? थापा मारत असतील तर संवाद निवडण्याचा गेम करा. त्याला 'रेनपाय' किंवा 'ट्वाइन' पुरतं, आणि प्रोग्रामिंग जवळजवळ लागत नाही. वस्तूंची खटपट असेल तर 'अ‍ॅडव्हेंचर गेम स्टुडिओ' आहे. धावपळ, अपघात, वाहनं असतील तर 'गोडो'. गोडो मोफत आणि मुक्त परवान्याचं आहे. कमाई झाली तरी ते बनवणाऱ्यांना काही द्यावं लागत नाही. मराठीत गेम करणाऱ्यांसाठी एक खास सूचना: गोडोची २०२३ मध्ये आलेली चौथी आवृत्ती किंवा तिच्या पुढचीच वापरा. त्याआधीच्या आवृत्त्यांत देवनागरी जोडाक्षरं तुटायची आणि पहिली वेलांटी चुकीच्या जागी जाऊन बसायची. दुसऱ्या कुठल्या साधनात असं होत असेल तर पाट्या आणि संवाद चित्र म्हणून डकवा. वेळ जातो, पण 'क्षमस्व'चं 'क् षमस् व' होत नाही.

दुसरा रस्ता 'मॉड'चा, म्हणजे आयत्या गेममध्ये फेरफार करण्याचा. 'द सिम्पसन्स: हिट अँड रन' २००३ साली आला. त्यावर चाहते अजून नवी पात्रं, नव्या मोहिमा, नवे रस्ते चढवत असतात. 'डोनट टीम' या चाहत्यांच्या गटाने त्यासाठी स्वतंत्र लाँचरही केला आहे. २०२० चा 'फ्रायडे नाइट फंकिन' हा सुरांच्या जुगलबंदीचा गेम. त्याचा कोड खुला असल्यामुळे त्यावर मालिकांच्या पात्रांचे मॉड रोज उगवतात. शिकायला हा रस्ता उत्तम. फक्त वाटताना आपण केलेला बदल तेवढाच वाटायचा, मूळ गेम नाही. ज्याला खेळायचं आहे त्याच्याकडे मूळ गेम असायला हवा.

हशा कुठे पेरायचा

मालिकेत विनोदाची वेळ संपादकाच्या हातात असते. गेममध्ये ती खेळाडूच्या हातात जाते, आणि खेळाडू महा अरसिक असतो. तुम्ही दाराशी झकास विनोद रचून ठेवाल, तो उलट दिशेने जाऊन भिंतीला डोकं आपटत बसेल. म्हणून विनोद 'दाखवायचा' प्रयत्न सोडा आणि खेळाडू जे काही करेल त्याच्या उत्तरात विनोद ठेवा.

खेळाडूला सगळ्यात जास्त वेळा काय दिसतं? त्याची स्वतःची चूक. बर्गर खिडकीवर वापरला, अग्निशामक नळकांडं पाहुण्यावर वापरलं, तेच दार चौथ्यांदा वाजवलं. आळशी गेम दर वेळी 'हे चालणार नाही' म्हणतो. चांगल्या विडंबनात खरा मलिदा इथेच असतो. माझा हिशेब साधा आहे: एका खोलीत सहा वस्तू असतील तर त्यांच्या जोड्या पंधरा होतात. पंधराही जोड्यांना वेगळं वाक्य लिहा. तेच दार पुन्हा वाजवलं तर दुसरं वाक्य, तिसऱ्यांदा तिसरं, चौथ्यांदा दारच वैतागलं पाहिजे. एका खोलीसाठी शंभरेक वाक्यं होतील. ती लिहायचा कंटाळा येत असेल तर हा उद्योग आपला नाही, एवढं लवकर कळलं हेही बरंच.

यातून दुसरी गोष्ट उघड होते: गेम लहान ठेवा. एक खोली, तीन माणसं, दहा मिनिटं. सगळं स्प्रिंगफील्ड उभं करायला निघालेल्यांची अर्धवट फोल्डरं मी पुष्कळ पाहिली आहेत, त्यांतली दोन माझीच. अठ्ठेचाळीस किंवा बाहत्तर तासांचा एखादा 'गेम जॅम', म्हणजे तेवढ्या वेळात गेम बनवायची स्पर्धा, गाठा. मुदतीच्या धाकाने पसारा आपोआप आवरतो. 'फ्रायडे नाइट फंकिन'ची पहिली आवृत्तीही 'लुडम डेअर' या जॅममध्येच झाली होती.

चित्रांचं म्हणाल तर नशीब चांगलं आहे, या मालिकांची चित्रं मुळात साधी असतात. 'साउथ पार्क'चा पहिला भाग खरोखर कागद कापून, एकेक फोटो काढत केला होता. संगणक नंतर आला. तुम्हीही शाळेतल्या हस्तकलेचा घोटीव कागद घ्या, कात्री चालवा आणि फोन एका उंचीवर पक्का बांधून वरून फोटो काढा. थोडं वाकडं आलेलंच शोभतं. कुणाची शैली उचलणं आणि कुणाचं पात्र उचलणं यांत फरक आहे. कागदी कातरकामावर कुणाची मालकी नाही. नारिंगी कोटाच्या टोपीत तोंड दडवलेल्या केनीवर आहे.

कायद्याच्या कुंपणाशी

मी वकील नाही. पण या वाटेवरून चालणाऱ्याला कुंपण कुठे आहे ते ठाऊक असावं.

अमेरिकेत १९९४ साली सर्वोच्च न्यायालयाने 'कॅम्पबेल विरुद्ध अकफ-रोझ' या खटल्यात सांगितलं की विडंबन हा 'फेअर यूज', म्हणजे रास्त वापर, ठरू शकतो, त्यातून पैसे मिळत असले तरी. प्रकरण एका रॅप गटाने 'ओह, प्रिटी वुमन' या गाण्याच्या केलेल्या विडंबनाचं होतं. कळीचा मुद्दा असा: टीकेचा रोख मूळ कलाकृतीवर हवा. १९९७ साली डॉ. स्यूस यांच्या 'द कॅट इन द हॅट'च्या धाटणीत ओ. जे. सिम्पसन खटल्यावर लिहिलेलं पुस्तक त्यामुळेच अडकलं. त्यात त्या मांजरावर काहीच भाष्य नव्हतं. मांजराची टोपी फक्त गिऱ्हाईक गोळा करायला वापरली होती.

भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात विडंबन हा शब्दच नाही. कलम ५२ मध्ये टीका आणि समीक्षा यांसाठी 'फेअर डीलिंग'ची सवलत आहे आणि तिच्याच आडोशाला विडंबन उभं राहतं. केरळ उच्च न्यायालयाने १९९६ साली तोप्पिल भासी यांच्या 'निंगळेन्ने कम्युनिस्टाक्की' या गाजलेल्या नाटकाला उत्तर म्हणून लिहिलेल्या प्रतिनाटकाला संरक्षण दिलं, कारण ते मूळ नाटकाशीच वाद घालत होतं. आणि चक्क एका व्हिडिओ गेमवरचा निकालही आपल्याकडे आहे. ओडिशातल्या धामरा बंदरामुळे ऑलिव्ह रिडले कासवांना धोका आहे, असं सांगण्यासाठी ग्रीनपीसने 'पॅक-मॅन'सारखा 'टर्टल वर्सेस टाटा' हा गेम काढला होता. टाटांनी ट्रेडमार्क आणि बदनामीच्या मुद्द्यांवर दहा कोटींची भरपाई मागितली. दिल्ली उच्च न्यायालयाने जानेवारी २०११ मध्ये त्या गेमवर अंतरिम बंदी घालायला नकार दिला.

यांवरून छाती फुगवून घेऊ नका. हे सगळं न्यायालयात पोचल्यानंतरचं आहे. तुमच्यामाझ्यासारख्याचा गेम तिथवर पोचतच नाही. कंपनीची एक नोटीस येते आणि संकेतस्थळ तो उतरवून टाकतं. 'सिम्पसन्स'ची मालकी २०१९ पासून डिस्नेकडे आहे, आणि डिस्नेचे वकील हा काही विनोदाचा विषय नाही. 'मी फुकट वाटतो' या ढालीवरही विसंबू नका. 'एएम२आर' हा निन्टेन्डोच्या 'मेट्रॉइड' गेमवरचा चाहता-गेम वर्षानुवर्षं खपून केलेला, पूर्ण मोफत होता. ऑगस्ट २०१६ मध्ये तो बाहेर आला आणि निन्टेन्डोच्या तक्रारीमुळे काही दिवसांतच उतरला.

कंपन्याही एकमेकींचं उचलतात, हे जाता जाता सांगायला हवं. 'सिम्पसन्स: रोड रेज' हा २००१ चा अधिकृत गेम 'क्रेझी टॅक्सी'शी इतका मिळताजुळता होता की सेगाने पेटंटचा दावा ठोकला. तो न्यायालयाबाहेर मिटला.

या सगळ्यात मला सगळ्यात उपयोगी वाटणारं उदाहरण अपूचं आहे. स्प्रिंगफील्डच्या किराणा दुकानातला हा भारतीय. त्याचे उच्चार हँक अझारिया या गोऱ्या नटाचे होते. अमेरिकेतल्या भारतीय मुलांनी शाळेत त्या उच्चारांवरून किती चिडवून घेतलं, हे हरी कोंडाबोलूने २०१७ साली 'द प्रॉब्लेम विथ अपू' या माहितीपटात मांडलं. जानेवारी २०२० मध्ये अझारियाने हे पात्र आपण करणार नसल्याचं जाहीर केलं. आता समजा, न्यू जर्सीत वाढलेल्या एखाद्या मराठी मुलीला यावर गेम करायचा आहे. खेळाडू गल्ल्यावर बसला आहे. गिऱ्हाईक येतं. खेळाडू नीट इंग्रजीत बोलला तर गिऱ्हाईक गोंधळून परत जातं. ठरावीक हेल काढून ठरावीक वाक्य म्हटलं तरच पैसे गल्ल्यात पडतात. दिवसाचं भाडं निघायला हवं. पाचव्या दिवशी खेळाडू आपणहून हेल काढायला लागतो. हा गेम मालिकेवरच बोट ठेवतो, नियमांतून ठेवतो, आणि गल्ल्यावर तपकिरी चौकोन बसवला तरी तो झोंबेल. कला आणि कायदा, दोघांनाही हवं आहे ते यात आहे. तोच अपू जर फक्त समोसे फेकत पळणार असेल, तर त्या गेमच्या बाजूने दोघांपैकी कुणीच उभं राहत नाही.

बाहेर आणताना

शीर्षकात मालिकेचं नाव घालू नका. आपलं शीर्षक शोधा. मराठीत कोट्यांना काय तोटा! शीर्षकसंगीत मुळीच उचलू नका. ते कॉपीराइट तपासणाऱ्या यंत्रांना सर्वांत आधी ऐकू येतं आणि तुमचा गेम खेळून दाखवणाऱ्यांचे व्हिडिओही त्यामुळे अडकतात. मालिकेतल्या आवाजांची कृत्रिम बुद्धिमत्तेने केलेली नक्कल तर नकोच. मुंबई उच्च न्यायालयाने जुलै २०२४ मध्ये अरिजित सिंग यांना अशाच आवाज-नकलेविरुद्ध अंतरिम संरक्षण दिलं आहे. मित्रांना बोलवा, वाईट नक्कल करायला सांगा. वाईट नक्कल जास्त हसवते. प्रभावध्वनी आणि पोतांसाठी 'फ्रीसाउंड', 'ओपनगेमआर्ट' आहेत, तिथे प्रत्येक फाइलचा परवाना वाचून वापरा आणि श्रेयनामावलीत नाव द्या.

प्रकाशनासाठी 'इच डॉट आयओ' सर्वांत सोपं. ब्राउझरमध्ये थेट खेळता येईल अशी आवृत्ती चढवा, कारण डाउनलोड म्हटलं की निम्मे लोक पाठ फिरवतात. फोनच्या अ‍ॅप-दुकानांच्या आणि स्टीमच्या वाटेला दुसऱ्याची पात्रं घेऊन जाऊ नये. 'हा चाहत्यांनी केलेला गेम आहे, मूळ कंपनीशी संबंध नाही' ही ओळ जरूर टाका. ती कायद्याचं कवच नव्हे. पण खेळणाऱ्याची दिशाभूल होत नाही. गेम पुरा होण्याआधी महिनोन्‌महिने गाजावाजाही करू नका. अर्धवट गेमचा बोभाटा झाला की खेळाडूंच्या आधी वकील येतात.

चढवण्यापूर्वी तो अशा एका माणसाला द्या ज्याने मालिका कधीच पाहिलेली नाही. शेजारी बसा आणि तोंड बंद ठेवा. समजावून सांगायची ऊर्मी येईल ती गिळा. तो जिथे हसेल तिथे वहीत खूण करा. घरची वडीलधारी माणसं याला फार उपयोगी पडतात, कारण ती खोटं हसत नाहीत.

आणि नोटीस आलीच तर? वाचा, गेम उतरवा, भांडायचं तर आधी खऱ्या वकिलाला विचारा. पण गेम मेला असं समजू नका. 'फ्रीडम प्लॅनेट' हा २०१४ चा गेम सॉनिकवरचा चाहता-गेम म्हणून सुरू झाला होता. करणाऱ्यांनी पात्रं स्वतःची घातली आणि तो स्वतःच्या नावाने विकला गेला. त्यासाठी एक सोय पहिल्याच दिवशी करून ठेवा. पात्रांची सगळी चित्रं 'चेहरे' नावाच्या एकाच फोल्डरमध्ये ठेवा, पात्रांची नावं आणि संवाद एका वेगळ्या फाइलमध्ये, आणि कोडमध्ये 'होमर' न लिहिता 'बाप' लिहा, 'अपू'ऐवजी 'दुकानदार'. सुरुवातीचे ते रंगीत चौकोनही पुसू नका, त्याच फोल्डरात पडू द्या. मग चेहरे बदलायला एक रविवार दुपार पुरते.